डोंगर कुणी पाहिला?

दार लावून घ्या. मोबाईल सगळ्यांनी बाकावर पालथे ठेवा. आज हजेरी नाही. मागच्या शनिवारी घाटात कोण डोंगर चढलं आणि कोण खाली वडापाव खात उभं राहिलं, ते या अकरा अहवालांनी मला सांगितलंय.

अकरा गट, अकरा अहवाल. स्पायरल बाइंडिंग, वर पारदर्शक प्लॅस्टिक, आत रंगीत प्रिंट. उतार सगळ्यांना एकच दिला होता, घाटरस्त्याच्या वळणावरचं कटिंग आणि त्याच्या माथ्यावरचा डोंगर. सुरक्षा गुणांक काय आला? १.५२७. १.५१३. १.५३१. १.५०८. दहा गटांची उत्तरं १.५० आणि १.५५ च्या मध्ये. पासिंग किती मार्कांना हे विद्यार्थ्यांना ठाऊक असतं. ते डोंगरालाही ठाऊक असतं, हे मला या वयात कळलं. उरला गट चार. त्यांचं उत्तर २.८४. बहुधा आधीच किलोपास्कलमध्ये असलेलं कोहेजन त्यांनी पुन्हा एकदा ९.८१ ने गुणलंय. इतका भक्कम उतार असता तर महाराजांनी तिथे गड बांधला असता. हसू नका. चौघांपैकी एकालाही हा आकडा खटकला नाही, यात हसण्यासारखं काही नाही.

हा तिसरा दशांश तुम्ही कुणासाठी छापता? ज्या मातीचं कोहेजन पाच आहे की पंधरा हे तुम्हाला सांगता येत नाही, तिच्या उताराची सुरक्षितता तुम्ही हजाराव्या भागापर्यंत सांगताय. वखारीतल्या लाकडाच्या काट्यावर सोनं तोलायला बसलात आणि गुंजा मोजताय. उताराचा प्रोग्रॅम तीन दशांश देतो कारण त्याला तसं सांगून ठेवलंय. त्याला दहा मागा, दहा देईल.

मूळ दुखणं पुढे आहे. कोहेजन १० किलोपास्कल, घर्षणकोन ३० अंश, घनता १८. नऊ गटांचे हेच तीन आकडे, आणि उत्तरांत जो थोडा फरक पडलाय तो उताराची रेघ कुणी किती वाकडी ओढली एवढ्यापुरताच. कुठून आणले हे आकडे? माती कुणी आणली? शिअर बॉक्सला हात कुणी लावला? प्रयोगशाळेच्या वहीत गेल्या पंधरवड्यात एकही नोंद नाही. सांगू का कुठून आणले? गेल्या वर्षीच्या बॅचची फाईल उघडली, उताराच्या रेघा बदलल्या आणि मातीचा तक्ता तसाच राहू दिला. दोन गटांच्या फाईलवर तारीखसुद्धा गेल्या वर्षीची आहे, ती पुसायचेही कष्ट नाहीत. गेल्या वर्षीचा उतार कशाचा होता, ठाऊक आहे? मातीच्या धरणाचा बांध. रोलर फिरवून, पाण्याचं प्रमाण राखून, थरावर थर दाबलेला भराव. आणि हा तुमचा घाट म्हणजे वर जांभा, त्याखाली कुजत आलेली, हातात घेतली तर साबणासारखी सरकणारी पिवळट माती आणि त्याखाली काळा पाषाण. हे दोन उतार एकाच तक्त्यात बसवायचे म्हणजे एकाचं रक्त तपासून दुसऱ्याला औषध द्यायचं.

आणि तो दीडचा आकडा. 'गुणांक दीडपेक्षा जास्त, सबब उतार सुरक्षित', हे वाक्य दहा अहवालांत आहे, सहा अहवालांत तर स्वल्पविरामासकट तेच. दीड कुठून आला? आयएस ७८९४, सन १९७५. ती संहिता मातीच्या धरणांसाठी आहे आणि हा दीड बांधातून पाण्याचा कायमचा पाझर चालू असतानाच्या स्थितीसाठी आहे. म्हणजे पाणी गृहीत धरून दीड. तुम्ही दीड उचललात आणि पाणी तिथेच टाकून आलात.

हो, आता पाण्यावरच येते. एकाही अहवालात भूजलपातळी नाही. एकाने निळी रेघ काढलीय, सरळ आडवी, रस्त्याच्याही खाली. विहिरीची आकृती वाटावी. बाकीच्यांचा उतार कोरडा ठणठणीत. कोकणात! जिथे चार महिन्यांत अडीच-तीन हजार मिलिमीटर पाऊस कोसळतो, तिथे तुमचा डोंगर वर्षाचे बारा महिने उन्हाळा भोगतोय.

फळ्याकडे बघा. यासाठी कुठल्या प्रोग्रॅमचा परवाना लागत नाही, खडू लागतो. उतार ३० अंशांचा. पाषाणावर ३ मीटर माती. आकडे तुमचेच घेते, कोहेजन १०, कोन ३०. लांब उताराचं सूत्र तिसऱ्या वर्षाला झालंय. कोरड्या मातीत कोहेजनचा वाटा ०.४३, घर्षणाचा १, मिळून १.४३. आता पाऊस पडू द्या. माती पृष्ठभागापर्यंत भिजली, पाणी उताराला समांतर वाहतंय, घनता १८ ची २० झाली. कोहेजनचा वाटा ०.३८ वर उतरला. घर्षणाचा? पाण्याने कणांवरचा दाब उचलून धरला, तो राहिला ०.५१. बेरीज ०.८९, म्हणजे एकाच्या खाली, उतार घसरला. माती तीच, कोन तोच, डोंगर तोच. आणि दोन दिवसांच्या झडीने कोहेजन भिजून १० चं २ झालं, तर उत्तर ०.५९. चार ओळींचं गणित आहे हे. तुमच्या चाळीस पानी अहवालात ज्याचा मागमूस नाही ते या चार ओळींत आहे. न भिजलेल्या मातीत कणाकणांच्या मध्ये उरलेल्या ओलीचं जे ताणबळ माती धरून ठेवतं, ते पहिल्या मोठ्या पावसात जातं. म्हणून दरडी जुलैत कोसळतात, मार्चमध्ये नाही. हे शेतकऱ्याला सांगावं लागत नाही, पदव्युत्तर वर्गाला सांगावं लागतंय.

आणि अशा जागी, जिथे पातळ माती पाषाणावर टेकलीय, तिथे घसरण त्या सांध्यावरून होते, सपाट, चादर ओढल्यासारखी. तुम्ही सगळ्यांनी घसरणीची वर्तुळं काढलीत. का? कारण प्रोग्रॅम उघडला की वर्तुळाचं बटण पहिलं येतं. गट दोन आणि गट सात यांनी पाषाणाचा थर कठीण म्हणून सांगितलाच नाही, त्यामुळे त्यांचं वर्तुळ बसाल्टमधून आरपार गेलंय. त्या बसाल्टला सुरुंग लावताना कंत्राटदाराच्या नाकी नऊ येतात, आणि तुमचं वर्तुळ श्रीखंडात चमचा जावा तसं गेलं. गट सहा, तुमची आकृती सुंदर आहे. फक्त सर्वांत धोक्याच्या वर्तुळाचं केंद्र शोधजाळीच्या अगदी वरच्या उजव्या कोपऱ्यात बसलंय. याचा अर्थ कळतो? प्रोग्रॅम कोपऱ्यात उभा राहून सांगतोय, 'मला अजून पलीकडे जायचंय, तुम्ही कुंपण घातलंत.' सर्वांत कमी गुणांक जाळीच्या बाहेर आहे. तुम्हाला जो मिळाला तो कुंपणाच्या आतला.

मी जुन्या काळाचे गोडवे गाणाऱ्यातली नाही. १९१६ साली स्वीडनमध्ये गोथेनबर्ग बंदराचा धक्का घसरला, तेव्हापासून तिथल्या अभियंत्यांनी वर्तुळाकार घसरणीचा आणि मातीचे उभे काप पाडून हिशेब करायचा विचार पक्का केला, आणि फेलेनियसने तो मांडला. १९५५ मध्ये बिशपने त्यात सुधारणा केली, पण त्याच्या सूत्रात गुणांक बरोबरच्या चिन्हाच्या दोन्ही बाजूंना येतो. आधी अंदाज धरा, सोडवा, नवा आकडा घाला, पुन्हा सोडवा. मी विद्यार्थिनी असताना एका वर्तुळाला एक संध्याकाळ जायची, आणि वर्तुळं काढायची दहा-वीस. या कामाला यंत्र हवंच होतं. लिटल आणि प्राइस या दोघांनी १९५८ मध्येच हे काम इलेक्ट्रॉनिक कॉम्प्युटरवर चढवल्याचं छापून आलंय, तुमच्या आजोबांची तेव्हा मुंज व्हायची असेल. तेव्हा सॉफ्टवेअर नवीन आहे, मॅडमना येत नाही, म्हणून मॅडम चिडतात, असं जे कोपऱ्यात कुजबुजणं चालतं ते बंद करा. मला येतं. पण एका वर्तुळाला एक संध्याकाळ लागायची ना, म्हणून ते कुठून काढायचं याचा आम्ही आधी विचार करायचो. भेग कुठे आहे, पायथा कुठे फुगलाय, पाणी कुठून येतंय. आज अर्ध्या मिनिटात पाच हजार वर्तुळं निघतात. विचारासाठी वेळ भरपूर उरला, आणि तुम्ही तो कव्हरच्या रंगात घातलात.

सिंगापूरचं निकोल हायवे ऐकलंय का? नाही. लिहून घ्या. २० एप्रिल २००४. उतार नव्हता, भुयारी रेल्वेसाठी खोल खणलेला खड्डा होता, तीसेक मीटरचा, दोन्ही बाजूंना भिंती आणि मध्ये पोलादी टेकू. दुपारी तो कोसळला, शेजारचा महामार्ग घेऊन खाली गेला. चार माणसं मेली. चौकशी झाली, आणि त्यात दोन गोष्टी पुढे आल्या. पहिली म्हणजे टेकूंच्या सांध्यांचं डिझाइन कमकुवत होतं. दुसरी तुमच्या कामाची आहे. तिथली माती म्हणजे मऊ सागरी चिकणमाती. प्रोग्रॅममध्ये तिचे परिणामी ताणाचे गुणधर्म भरले आणि निचरा नसलेल्या स्थितीचा पर्याय निवडला. अशी माती कातरली जाऊ लागली की कणांमधल्या पाण्याचा दाब वाढतो आणि ताकद घटते. त्या साध्या प्रतिमानाला हे वाढणं ठाऊकच नसतं. त्याने मातीला तिच्या ऐपतीपेक्षा जास्त ताकद बहाल केली, आणि भिंतीचं वाकणं कमी दाखवलं. प्रोग्रॅम चुकला नाही, नीट ऐका. जे विचारलं त्याचं त्याने अचूक उत्तर दिलं.

आणि यातलं सर्वांत वाईट अजून सांगितलेलं नाही. भिंत वाकतेय हे मोजमापांत दिसत होतं. ठरवलेल्या मर्यादा ओलांडल्या गेल्या होत्या. तेव्हा काय केलं? उलटं गणित केलं. आकडे असे बसवले की वाकणं समजण्यासारखं वाटावं, आणि मर्यादा वर सरकवल्या. भिंत सांगत होती, आणि माणसं तिला गप्प करायला आकडे शोधत होती.

गट नऊ, उभे राहा.

तुमचा गुणांक १.५०२. सगळ्या वर्गात तुमचाच अहवाल मी दोनदा वाचला. तुम्ही डोंगर चढलात. तुम्ही माती आणलीत, शिअर बॉक्सवर ती भिजवून तपासलीत. नोंद वहीत नाही, त्याचं वेगळं बोलू, पण तक्ता परिशिष्टात आहे. कोहेजन ४, कोन २८. तुम्ही माथ्यावर भेग पाहिलीत आणि तिचा फोटो काढलात. मे महिन्याच्या अखेरीस, जेव्हा सगळा उतार करपून पिवळा पडला होता, तेव्हा कटिंगच्या मध्यावर एकच पट्टा हिरवागार आहे हेही तुमच्या एका फोटोत आलंय. तुम्हाला त्याचा अर्थ कळला नसेल. मेमध्ये जिथे गवत हिरवं राहतं तिथे जमिनीत पाणी आहे, आणि जुलैत तिथून उपळ फुटणार. आणि परिशिष्टाच्या शेवटी, बहुधा काढायचं राहून गेलेलं, एक पान आहे. पहिल्या वेळचं उत्तर, ०.९७.

मग तुम्ही काय केलंत? 'आपलंच काहीतरी चुकलं,' असं वाटलं. बाकीच्या सगळ्यांचं दीड येतंय. कोहेजन ४ चं ११.५ केलंत, कोन ३२, पाणी काढून टाकलंत, आणि १.५०२ आल्यावर हात झाडून जेवायला गेलात. बाकीच्यांनी डोंगर पाहिलाच नाही, त्यांना मी आळशी म्हणेन. त्यांचं पाप तेवढंच. तुम्ही पाहिलात आणि खोडलात.

बसा. नाही, थांबा, उभेच राहा, कारण आता मी माझं सांगणार आहे आणि ते तुमच्या डोळ्यांत बघून सांगायचंय.

मला नोकरी लागून दुसरं वर्ष. एका रस्त्याच्या कटिंगचं काम माझ्याकडे आलं. चार बोअर मारलेले होते. प्रत्येक बोअर लॉगवर एकच शेरा, 'पाणी लागले नाही'. मी तो जसाच्या तसा उचलला आणि कोरडा उतार धरून हिशेब केला. छान हिशेब होता, हातांनी केलेला, तिसऱ्या दशांशापर्यंत. साहेबांनी पाठ थोपटली. ऑगस्टमध्ये ते कटिंग रस्त्यावर आलं. कडेला चहाची टपरी होती, ती पुरी गाडली गेली. टपरीवाला जेवायला घरी गेला होता म्हणून वाचला. मी दुसऱ्या दिवशी तिथे पोचले तेव्हा तो चिखलातून पितळी किटली उकरत होता. मला म्हणाला, 'बाई, इथे दर पावसाळ्यात पाणी फुटतं की. विचारायचं तरी.' मी घरी येऊन बोअर लॉग पुन्हा काढले. तारखा पाहिल्या. चारही बोअर मे महिन्यातले. तारीख प्रत्येक कागदावर, माझ्या डोळ्यांसमोर होती, तीन महिने. सॉफ्टवेअर नव्हतं हो तेव्हा. म्हणून दोष यंत्रावर टाकू नका, माझ्याकडे तर नुसता कॅल्क्युलेटर होता.

आता बसा.

माळीण सगळ्यांनी ऐकलंय, कारण ते बातम्यांत आलं. ३० जुलै २०१४, आंबेगाव तालुका, सकाळची वेळ, दीडशेहून जास्त माणसं. एसटीचा ड्रायव्हर नेहमीसारखा बस घेऊन गेला तर गाव जागेवर नव्हतं. २०२१ च्या जुलैत महाडजवळचं तळिये, ऐंशीहून जास्त. २०२३ च्या जुलैत इर्शाळवाडी, रात्री, माणसं झोपेत. महिना सारखाच आहे हे तुमच्या लक्षात येतंय ना? कोकण रेल्वेवर २२ जून २००३ च्या रात्री वैभववाडीजवळ कटिंगमधून आलेल्या दरडीवर गाडी आदळली आणि पन्नासहून जास्त प्रवासी गेले. त्यानंतर त्या रेल्वेने उतार सौम्य केले, जाळ्या ठोकल्या, उपकरणं बसवली. आणि तरीही आज पावसाळ्यात गाड्या वेग कमी करून वेगळ्या वेळापत्रकाने धावतात, आणि धोक्याच्या कटिंगवर रात्री माणूस गस्त घालतो. टॉर्च घेऊन, रेनकोट घालून, डोंगराकडे बघत. त्याच्या हातात प्रोग्रॅम नाही, पण तुम्ही जे केलं नाहीत ते तो रोज करतो.

अहवाल सगळे परत. मार्क कुणालाच नाहीत, गट नऊलाही नाहीत. संगणक प्रयोगशाळेची चावी माझ्या पर्समध्ये आहे आणि पुढच्या सोमवारपर्यंत तिथेच राहील. येत्या शनिवारी पहाटे साडेपाचला एसटी स्टँडवर. बूट घालून या, चपला घालून आलेल्याला मी तिथूनच परत पाठवेन. प्रत्येक गटाने ऑगर, टेप, कोन मोजायचं यंत्र आणि नमुन्यांचे डबे आणायचे, झाकण घट्ट बसणारे, नाहीतर ओलावा वाटेतच उडेल आणि प्रयोगशाळेत पुन्हा कोरडी माती तपासाल. माथ्यापर्यंत सगळ्यांनी चढायचं. झाडांचे बुंधे कुठे वाकलेत ते मोजायचं. वरच्या वाडीत जायचं आणि म्हाताऱ्या माणसांना विचारायचं की पावसात पाणी कुठून फुटतं, कोणत्या वर्षी कुठला बांध खचला. नीट बसून विचारायचं, उभ्या उभ्या नाही. चहा दिला तर घ्यायचा. जे सांगतील ते वहीत लिहायचं, गावाच्या बोलीत सांगितलं तर बोलीतच. मग लांब उताराचं गणित हाताने, भिजलेल्या मातीचं. ते मला दाखवल्यावर चावी मिळेल. प्रोग्रॅममधलं उत्तर हाताच्या उत्तरापासून फार लांब गेलं तर दोन्ही घेऊन यायचं, त्यातलं एक लपवायचं नाही.

आणि गट नऊ. तुमच्या भेगेसाठी शनिवारपर्यंत थांबता येणार नाही. फोटोत तिच्याशेजारी तुम्ही पेन ठेवलंय, त्यावरून ती चार बोटं तरी रुंद असावी. खाली रस्ता आहे, वळणावर बसथांबा आहे, आणि पावसाला आठवडा उरलाय. ०.९७ चं ते पान मी काढून ठेवलंय. उद्या सकाळी मी रस्त्याच्या खात्याच्या कार्यालयात जाणार आहे, तुम्ही चौघं माझ्याबरोबर याल. परत येताना भेगेच्या दोन्ही बाजूंना खुंट्या ठोकू आणि अंतर मिलिमीटरमध्ये लिहू, रोज कुणीतरी जाऊन मोजायचं. पाळी तुम्हीच लावा.

तो फोटो ज्याच्या मोबाईलमध्ये आहे त्याने मोबाईल उलटा करायचा आणि इकडे आणायचा. बाकीच्यांचे पालथेच राहू देत.